शब्दचर्चा: ‘मिएन त्रोन हाय सान’ मराठीत कसं लिहावं?

प्रश्न, हो ची मिन्ह शहरातून

आईला एक पाककृती मराठीत लिहून पाठवायची आहे. ती अलिबागला असते. मासळीतलं तिला सगळं कळतं, पण इंग्रजी पाककृती वाचायचा तिला कंटाळा आहे. पदार्थ इथे व्हिएतनाममध्ये घरोघरी होतो. ‘मिएन’ नावाच्या पारदर्शक नूडल्स, त्यात कोळंबी आणि माकूल म्हणजे स्क्विड, गाजर, काकडी, भरपूर हिरवा पाला, आणि वरून लिंबू, साखर, लसूण, मिरची आणि ‘नुओक माम’ म्हणजे फिश सॉस. ‘त्रोन’ म्हणजे एकत्र करणं आणि ‘हाय सान’ म्हणजे सीफूड. भाषांतराच्या यंत्राने सुचवलं, ‘काचेच्या नूडल्ससह समुद्री खाद्य कोशिंबीर’. हे तर आईला पाठवायचं नाही. सीफूड, नूडल्स, सॅलड आणि फिश सॉस, या चारही ठिकाणी मी अडले आहे. नुसता प्रतिशब्द नको, वाचून तिला पदार्थ करता आला पाहिजे.

मालवणहून

ताई, सीफूडला शब्द शोधूच नका. बाजारात ‘समुद्री खाद्य द्या’ असं कोणी म्हणत नाही. मासळी म्हणतात, आणि तुमच्या अलिबागकडे कोळी-आगरी घरांत म्हावरं. पण पाककृतीत हे दोन्ही शब्द पुरे पडत नाहीत, कारण स्वयंपाक ‘मासळी’चा होत नाही, कोळंबीचा होतो, माकलाचा होतो, तिसऱ्यांचा होतो, आणि प्रत्येकाची वेळ निराळी. सोललेली मध्यम कोळंबी आधणात सोडली की दीड-दोन मिनिटांत गुलाबी होऊन वळते, तेव्हाच काढायची. माकलाच्या चकत्या मिनिटभराच्या आतच बाहेर हव्यात, नाहीतर चिवट होतात. मग त्यांना पुन्हा मऊ करायला अर्धा-पाऊण तास शिजवत बसावं लागतं, आणि ते माकूल या पदार्थात शोभत नाही. तिसऱ्या, म्हणजे छोट्या शिंपल्या, तोंड उघडेपर्यंत ठेवायच्या, उघडत नाही ती टाकून द्यायची. ‘सीफूड उकडून घ्या’ असं एका ओळीत लिहिलंत, तर तिन्ही एकाच पातेल्यात पडतील. म्हणून नावं लिहा, सुटी सुटी.

पणजीहून

मालवणशी सहमत. फक्त आई कोणत्या गावची ते बघून नावं निवडा. आमच्याकडे कोळंबीला सुंगटां, माकलाला माणक्यो, आणि त्या हिरव्या कवचाच्या लांबट शिंपल्यांना शिणाणे. कालवं म्हणजे ऑयस्टर, त्यांची तिसऱ्यांशी गल्लत करू नका. तुमच्या पाककृतीत शिंपल्या असतील तर कोणत्या, हे आधी नक्की करा.

सॅलडबद्दल एक सुचवतो. आमच्याकडे किसमूर असते. सुकी सुंगटं भाजायची, त्यात ओलं खोबरं, कांदा, तिखट आणि आंबटाला चिंच किंवा आमसूल, सगळं हाताने कालवायचं आणि लगेच खायचं. म्हणजे मासळी घातलेलं, कालवलेलं, गार खायचं काहीतरी आपल्या किनाऱ्यावर आहेच. नाव उसनं घ्या असं म्हणत नाही, पण आईला हा प्रकार अगदीच परका वाटणार नाही.

पुण्याहून

‘कोशिंबीर’ शब्दावर माझा आक्षेप आहे. कोशिंबीर पानात डावीकडे वाढतात, चमचा-दोन चमचे. तुमचा पदार्थ जेवणाच्या जागी खायचा आहे, ताटभर. ‘कोशिंबीर’ म्हटलं की आई बाकीचा स्वयंपाकही करून ठेवेल.

पण चवीची घडण मात्र जवळची आहे, हे मान्य करायला हवं. खमंग काकडीत लिंबू, साखर, मिरची आणि दाण्याचं कूट असतं. व्हिएतनाममध्येही हेच चौघे, मिठाच्या जागी नुओक माम. मात्र ‘दाण्याचं कूट’ असं लिहू नका. कूट म्हटलं की मिक्सरमधून बारीक पूड निघते, आणि ती सगळा रस शोषून शेवयांना चिकटते. तिथे दाणे भाजून खलबत्त्यात जेमतेम फोडतात, दाताखाली यायला हवेत. ‘भाजून भरडलेले दाणे’ असं लिहा.

सॅन होजेहून

इथे व्हिएतनामी वस्ती मोठी आहे, त्यामुळे हे शब्द रोज कानावर पडतात. सॅलडला व्हिएतनामीत दोन शब्द आहेत. दक्षिणेत ‘गोय’, उत्तरेत ‘नोम’. 1975 नंतर, म्हणजे व्हिएतनामचं युद्ध संपल्यावर, अमेरिकेत आलेली बरीच कुटुंबं दक्षिणेतली, म्हणून इथल्या खानावळींत ‘गोय’च जास्त दिसतं. पण ‘गोय’ची व्याप्ती सॅलडपेक्षा मोठी आहे. कच्च्या मासळीचा लिंबू पिळून करतात तो प्रकारही ‘गोय’, आणि तांदळाच्या पातळ पापडात पाला-कोळंबी गुंडाळतात ते ‘गोय कुओन’, म्हणजे गुंडाळलेलं गोय. म्हणजे त्यांच्या शब्दालाही आपला कुठलाच एक शब्द पुरता बसत नाही.

आणि तुमच्या पदार्थाच्या नावात ना ‘गोय’ आहे ना ‘नोम’. आहे ‘त्रोन’. तिथली माणसं जर त्याला सॅलड म्हणत नाहीत, कालवलेलं मिएन म्हणतात, तर मराठीत सॅलड आणायचं कशाला?

ठाण्याहून

हा पदार्थ थाई आहे ना? बँकॉकला ‘याम वुन सेन’ खाल्लं होतं, तेही पारदर्शक शेवयांचं, कोळंबी घालून.

दुसरं म्हणजे पुणेकरांनी वापरलेल्या ‘शेवया’ला माझा विरोध आहे. शेवया म्हटलं की गव्हाची खीर. ‘नूडल्स’ आता मराठीच झालाय, आजी-आजोबाही म्हणतात.

सॅन होजेहून

थाई याम आणि हा पदार्थ शेजारचे, पण एक नव्हेत. थाई प्रकारात सेलरीच्या जातीचा पाला आणि जास्त तिखट, बहुतेकदा कोमटच वाढतात. व्हिएतनामी प्रकारात तळलेला छोटा कांदा, दाणे, आंबट-गोड मुरवलेलं गाजर-मुळा आणि पुदिन्यासारखा सुगंधी पाला येतो. दोन्हीकडे फिश सॉस आणि लिंबू आहेच, त्यामुळे पहिल्या घासाला फरक लगेच कळत नाही.

मालवणहून

ठाणेकरांना सांगतो, शेवया फक्त गव्हाच्या नसतात. आमचे शिरवाळे तांदळाचे. पिठाचे गोळे उकडून गरम असतानाच लाकडी शेवग्यातून, म्हणजे शेवया पाडायच्या साच्यातून, दाबायचे आणि नारळाच्या गोड रसात खायचे. व्हिएतनामी ‘बुन’ जवळपास हेच. फरक एवढाच की त्यांचं पीठ साच्यातून थेट उकळत्या पाण्यात पडतं. आईला ‘बुन’ समजावायचं असतं तर मी बिनदिक्कत शिरवाळे लिहिलं असतं.

मिएन मात्र तांदळाचं नाही, आणि हा फरक पाककृतीत आलाच पाहिजे. ते मुगाच्या किंवा ‘जोंग रिएंग’ नावाच्या कंदाच्या सत्वाचं असतं. तो कंद कर्दळीच्या कुळातला. नुसतं सत्व म्हणून भिजल्यावर आरपार दिसतं. आपल्याकडे फालुद्याची शेव असते ना, पारदर्शक आणि निसरडी? तीही सत्वाचीच. तेव्हा ‘फालुद्याच्या शेवेसारखी दिसणारी, पण वाळलेली मिळते’ असं लिहिलंत की पुरे.

प्रश्नकर्ती

फालुद्याची शेव आईला लगेच कळेल. दुकानात मागताना मात्र ‘ग्लास नूडल्स’ म्हणावं लागेल, तेव्हा तेही कंसाशिवाय त्याच वाक्यात लिहिते.

आता नुओक माम. ‘नुओक’ म्हणजे पाणी, ‘माम’ म्हणजे मिठात ठेवलेली मासळी. ‘का कोम’ नावाचे बोटभर मासे आणि मीठ, साधारण तीनास एक, लाकडी पिंपांत वर्षभर ठेवतात आणि तळाच्या तोटीतून लालसर तपकिरी पाणी काढतात. फू क्वोक बेट आणि फान थियेत ही त्याची नावाजलेली ठिकाणं. फू क्वोकच्या नावाला 2012 मध्ये युरोपीय संघाचं भौगोलिक संरक्षणही मिळालं. बाटलीवर 30, 40 असे आकडे असतात, ते लिटरमागे किती ग्रॅम नायट्रोजन आहे ते सांगतात. आकडा मोठा तितकी चव दाट. हे सगळं ‘आंबवलेल्या माशांचं पाणी’ असं लिहिलं तर आई बाटली उघडणारच नाही.

पुण्याहून

‘आंबवलेलं’ हा शब्द इथे चुकीचाच आहे, फक्त अप्रिय नव्हे. आंबणं म्हणजे आंबट होणं. इडलीचं पीठ आंबतं, ताक आंबतं. नुओक माम आंबट नसतं. त्यात मिठामुळे सडण्याची क्रिया थोपते आणि माशातलीच पाचक द्रव्यं त्याची प्रथिनं विरघळवतात. याला आपल्याकडे ‘मुरणं’ म्हणतात. लोणचं मुरतं, मोरावळा मुरतो. वर्षभर मिठात मुरलेली मासळी, आणि तिची ‘निवळ’. निवळ म्हणजे गाळ खाली बसल्यावर वर राहतं ते स्वच्छ पाणी. ‘खारात मुरवलेल्या मासळीची निवळ’. हा अर्थ झाला, नाव मात्र फिश सॉसच राहू द्या, बाटलीवर तेच असतं.

पणजीहून

‘निवळ’ फार आवडला. एक भर घालतो. का कोम ज्या कुळातले, त्याच कुळात आपली मांदेली आहे. आईला हे जरूर सांगा. आणि आमच्या बालचांवाचं, म्हणजे कोळंबीच्या तिखट-आंबट लोणच्यासारख्या पदार्थाचं, नाव मकावच्या ‘बालिशांव’शी आणि मलय ‘बेलाचान’शी जोडलं जातं. बेलाचान म्हणजे बारीक कोळंबी मिठात मुरवून केलेला गोळा. तेव्हा मुरवलेल्या मासळीचा हा प्रकार आपल्या किनाऱ्याला नवा नाही. आम्ही त्यात व्हिनेगर आणि मिरची घातली, एवढंच.

नाशिकहून

पाल्याबद्दल कोणी बोललं नाही, म्हणून लिहिते. मी घरी कुंड्यांत लावते. व्हिएतनामी ‘हुंग क्वे’ला सगळे ‘बेसिल’ म्हणतात आणि मराठीत लगेच ‘तुळस’ लिहितात. तुळस नको. देव्हाऱ्यातली तुळस वेगळी जात, उग्र आणि कडवट. हुंग क्वे ही सब्ज्याच्या झाडाचीच एक जात, ज्याचं बी फालुद्यात घालतात. ‘सब्ज्याची पानं’ असं लिहा, आईकडे कुंडीत असेलही. ‘राउ राम’ला मात्र मराठी नाव नाही. त्याला व्हिएतनामी कोथिंबीर म्हणतात, पण तो कोथिंबिरीच्या कुळातला नाही. त्याच्या जागी कोथिंबीर आणि पुदिना निम्मे-निम्मे घ्यावेत.

आणि मासळी उकळताना गवती चहा घालत असाल तर नीट लिहा. नुसतं ‘गवती चहा’ लिहिलं तर आपल्याकडे पात टाकतात. व्हिएतनाममध्ये खालचा पांढरा दांडा ठेचून घालतात. आपण नेमका तोच फेकून देतो.

प्रश्नकर्ती

सगळ्यांचं मिळून असं लिहिलं आहे. तपासून सांगा.

‘मिएन: कोळंबी आणि माकूल घालून कालवलेल्या शेवया. ग्लास नूडल्स दीडशे ग्रॅम घे, दिसायला फालुद्याच्या शेवेसारख्या. कोमट पाण्यात वीस मिनिटं भिजव, मग आधणात मिनिटभर बुडवून गार पाण्याने धू आणि कात्रीने दोन-तीनदा काप, नाहीतर गुंता होतो. दुसऱ्या आधणात गवती चहाचा ठेचलेला पांढरा दांडा टाक. आधी पाव किलो कोळंबी, वळली की काढ. मग माकलाच्या चकत्या, पांढऱ्या झाल्या की लगेच काढ. तीन मोठे चमचे फिश सॉस, तीन चमचे लिंबाचा रस, दोन चमचे साखर, ठेचलेला लसूण आणि मिरची एकत्र करून साखर विरघळू दे. मीठ घालू नकोस. गाजर, काकडी, कोथिंबीर, पुदिना, सब्ज्याची पानं. सगळं वाढायच्या वेळी कालव. वरून भरडलेले दाणे आणि तळलेला कांदा.’

ठाण्याहून

वाचताना पदार्थ दिसतो. शेवयांवरचा विरोध मागे घेतो. एक शंका, फिश सॉसमध्ये पाणी नाही घालायचं? इथे बाटलीवर तर लिहिलंय, तितकंच पाणी मिसळा.

सॅन होजेहून

ते बुडवून खायच्या सॉससाठी, ‘नुओक चाम’साठी. तिथे पाणी लागतंच, एकास दोन-तीनही. कालवायच्या रसात पाणी नको, काकडी स्वतःच सोडते. मिएन मात्र रस भराभर ओढून घेतं, म्हणून थोडा रस बाजूला ठेवून वाढताना वरून घालायला सांगा.

मालवणहून

दोन दुरुस्त्या. ‘पांढऱ्या झाल्या की’ या जागी ‘पांढऱ्या होऊन कडा वळल्या की’ लिहा, कारण माकूल मुळातच पांढरं असतं, आईला खूण कळायला हवी. आणि ‘तळलेला कांदा’ म्हणजे आपला मोठा कांदा नव्हे. तिथले छोटे लालसर कांदे असतात, ते पाण्याला कमी म्हणून कुरकुरीत राहतात. अलिबागला आईला पांढरा कांदा हाताशी असेल, पण तो गोड आणि रसाळ, तळायला नको. सांबारात घालतात ते छोटे कांदे आणायला सांगा, पातळ चिरून मंद आचेवर, आणि सोनेरी व्हायच्या जरा आधीच कढईतून काढायचे, बाहेर आल्यावर रंग आणखी चढतो.