स्मिता पाटील : डोळे, देह की आवाज?

गवाक्ष :
स्मितावरचा जवळपास प्रत्येक लेख 'बोलके डोळे' इथे येऊन संपतो. तिची खरी कमाई देहबोलीत आहे. पुरावा 'भूमिका' (१९७७). अभिनेत्री हंसा वाडकरांच्या 'सांगत्ये ऐका' या आत्मचरित्रावरून घेतलेली उषा ही स्वतःच नटी, त्यामुळे तिथे अभिनय दुहेरी आहे. सुरुवातीच्या शूटिंगमधल्या नाचात मान, भुवया, कंबर सगळं मुद्दाम चढवलेलं. घरी नवऱ्याशी, केशवशी (अमोल पालेकर) भांडताना तेच शरीर आखडतं. हे प्रसंग आवाज बंद करून लागोपाठ पाहा. राष्ट्रीय पुरस्कार का मिळाला, ते शब्दांवाचून कळतं.

सायली_क :
पूर्ण असहमत. 'उंबरठा' (१९८२) बघा. सुलभा महाजन महिलाश्रमाची अधीक्षक, साधी साडी, हालचाल बेताची. नवरा (गिरीश कर्नाड) दुसऱ्या बाईबद्दल सांगतो तेव्हा देहबोलीला वावच नाही. तिथे चेहरा आणि आवाजच काम करतात. तुम्ही आवाज बंद करायला सांगता; मी म्हणते, पडद्याकडे पाठ करून ऐका. वाक्याआधी ती जो थांबते, त्यातच सुलभाचा निर्णय ऐकू येतो.

गवाक्ष :
थांबण्याचा मुद्दा मान्य. पण शेवटी आगगाडीत बसलेल्या सुलभाला कुठले संवाद?

सायली_क :
संवाद नाहीत, पण देहबोलीही नाही. चेहराच आहे.

रानवारा :
दोघांनीही शॉटची लांबी धरलेली नाही. स्मिताचे भाव सावकाश साचतात. 'भूमिका'चे दिग्दर्शक श्याम बेनेगल, 'उंबरठा'चे जब्बार पटेल तिच्यावर कॅमेरा ठेवून थांबायचे. त्याच १९८२ च्या 'नमक हलाल'मध्ये पावसातलं गाणं आहे, तिथे चित्र सारखं बदलतं. भाव उमटतो न उमटतो तोच कट. ती कमी पडली असं म्हणणं मला अजिबात पटत नाही, तिला वेळच दिला नाही.

सायली_क :
मग 'जैत रे जैत' (१९७७)? गाण्यांनी भरलेला सिनेमा, तरी स्मिताची चिंधी क्षणभरही सुटत नाही. कारण गीतकार ना. धों. महानोरांची गाणी चिंधीचीच आहेत, तिच्या हट्टातून आलेली. 'नमक हलाल'मधलं गाणं तसं कुठल्याही नायिकेला चाललं असतं. दोष कटचा कमी, लिखाणाचा जास्त.

रानवारा :
लिखाणाचं पटलं. पण 'मिर्च मसाला'च्या शेवटी विळा घेऊन उभ्या सोनबाईवरून कॅमेरा लगेच हलवला असता, तर दिग्दर्शक केतन मेहतांच्या हाती काय उरलं असतं?

गवाक्ष :
आणि तिथे ती कशी उभी आहे तेही पाहा. विळा धरलेला हात झाकून फक्त डोळे ठेवले, तर तो शेवट निम्मासुद्धा उरत नाही.