ॲडेलचा ‘३०’: रडगाणं म्हणायचं की आणखी काही?

कोथरूडकर_काका:
वय ६१. सवाईची भारतीय बैठक गुडघ्यांनी सोडवली, कान शाबूत आहेत. मुलगी दिवाळीपासून माहेरीच आहे. का, ते विचारू नका. आम्हीही विचारत नाही. रात्री जेवणं झाली की गॅलरीत बसून स्पीकरवर एकच अल्बम लावते, इंग्रज गायिका ॲडेलचा ‘३०’. त्यातल्या एका गाण्यात बाई मध्येच लहान मुलाशी बोलायला लागते आणि शेवटी तर फोनवर निरोप ठेवता ठेवता हुंदके. परवा समोरच्या ब्लॉकमधल्या वहिनींनी विचारलं, “सगळं ठीक ना हो?” आता त्यांना काय सांगू, रडतंय ते लंडनचं माणूस आहे! घरातलं दुखणं असं चव्हाट्यावर मांडलेलं लोकांना एवढं का आवडतं? खरंच विचारतोय.

पेठेतला:
तपकीर गल्लीत हेडफोन मिळतात. विषय संपला.

दोन_डबे:
काका, ते गाणं ‘माय लिटल लव्ह’. त्यातला आवाज तिच्या स्वतःच्या मुलाचा आहे. अख्खा अल्बमच तिच्या घटस्फोटाभोवतीचा. नोव्हेंबर २०२१ मध्ये अल्बम आला तेव्हा माझ्या शिवाजीनगरच्या कौटुंबिक न्यायालयात फेऱ्या चालू होत्या.

‘व्होग’ मासिकाच्या मुलाखतीत ती म्हणाली होती, की मुलगा विशी-तिशीत गेला की त्याला कळावं, आईनं आपणहून त्याचं सगळं विश्व का मोडलं. ‘आपणहून’ हा शब्द बघा. आपल्याकडे घर सोडणाऱ्या बाईकडे सज्जड कारण लागतं: दारू, मारहाण, गेलाबाजार सासू तरी. माझ्याकडे नव्हतं. वकीलबाईंनी तीनदा विचारलं, “आठवून बघा, काहीतरी असेलच.”

मुलगा तेव्हा सात वर्षांचा. रिक्षात विचारायचा, “आई, बाबाकडे आपल्या नव्या घराची किल्ली आहे ना?” मी पर्समध्ये रुमाल शोधत बसायचे. रुमाल हातातच असायचा. ॲडेल मुलाला सरळ सांगते, की मी गोंधळलेय, मी काय करतेय ते मलाच कळत नाहीये. हे आपण मुलाला सांगू शकतो, एवढंसुद्धा मला तोवर सुचलं नव्हतं.

पेटीवाला:
काका, ‘टू बी लव्ह्ड’ ऐका. नुसता पियानो आणि गळा, जवळपास पावणेसात मिनिटं. शेवटाकडे वर जाताना आवाज चिरतो. पुन्हा गाऊन गुळगुळीत करता आला असता, तसाच ठेवलाय. तुम्ही बैठकी ऐकलेले, तुम्हाला ती जागा लगेच सापडेल. अल्बममधली दोन-तीन गाणी मात्र उगाच लांबवलीयत, हे माझं मत.

कोथरूडकर_काका:
काल स्टूल घेऊन गॅलरीत बसलो. म्हटलं, ते पियानोचं लाव, मधलं सगळं जाऊ दे. म्हणाली, “बाबा, हा ओळीनंच ऐकायचा. तिनं सांगितल्यावर स्पॉटिफायनं अल्बमवरचं आपोआप गाणी उलटसुलट लावणारं बटण काढून टाकलं होतं.” आमच्याकडे विलंबिताआधी कोणी द्रुत मागत नाही, त्यामुळे गप्प बसलो.

पियानोचं शेवटून दुसरं निघालं. तोवर अकरा वाजून गेले होते. आवाज चिरतो ती जागा सापडली, पेटीवाले. मुलाचं गाणं लागलं तेव्हा कन्येनं आवाज कमी केला नाही आणि मीही सांगितलं नाही. समोरच्या वहिनींच्या खोलीतला दिवा लागला होता.

दोन_डबे, तुमचा मुलगा आता केवढा झाला?