पिंपळावरची वटवाघळं हाकलायचं सोसायटीत ठरतंय, थांबवता येईल का?

वर्तकनगरकर
नमस्कार मंडळी, ठाण्यातले बरेच जण इथे आहात म्हणून विचारतोय. आमच्या सोसायटीच्या कंपाउंडला लागून जुना पिंपळ आहे, त्यावर मोठी वटवाघळं लटकलेली असतात, शंभरच्या वर नक्की असतील, दिवेलागणीला उठतात आणि येऊरच्या जंगलाच्या बाजूला निघून जातात. मी लहानपणापासून बघतोय आणि आता माझी मुलगी गच्चीत उभी राहून बघते. परवा मीटिंगमध्ये ठरलं की फांद्या छाटून घ्यायच्या आणि तोवर रोज संध्याकाळी फटाके लावून त्यांना हाकलायचं. गाड्यांवर घाण पडते हे खरंय, वासही येतो, पण वटवाघळांतून येणाऱ्या निपाह विषाणूचं नाव निघालं तेव्हा सगळे एकदम घाबरले आणि पुढे चर्चाच झाली नाही. एक काका म्हणाले, हे काय वाघ आहेत का वाचवायला, ढिगाने पडलीयत. त्यावर काय बोलावं मला सुचेना. कायद्याने काही संरक्षण आहे का यांना? आणि आजाराचा धोका खरंच किती?

येऊरच्या_वाटेवर
दादा, आधी फटाके थांबवा, बाकीचं नंतर. आता मार्च चालूय, फेब्रुवारी ते मे हा यांचा पिल्लांचा काळ. मादीला वर्षाला एकच पिल्लू होतं, सुरुवातीचे काही आठवडे ती त्याला पोटाशी घेऊनच उडते. अशात धमाका झाला की सगळी घाबरून एकदम उठतात आणि पिल्लं खाली पडतात. उंदरासारखी डझनावारी वीत असती तर भरून निघालं असतं, पण वर्षाला एक म्हणजे एका सीझनचं नुकसान भरायला कित्येक वर्षं लागतात.

कायद्याचं म्हणाल तर वन्यजीव संरक्षण कायदा १९७२ चा, त्यात फळं खाणारी वटवाघळं इतकी वर्षं पाचव्या अनुसूचीत होती, म्हणजे उंदीर, कावळे यांच्याबरोबर उपद्रवी प्राणी म्हणून, कोणीही मारलं तरी गुन्हा नाही. २०२२ च्या दुरुस्तीत ती यादीच गेली आणि तुमच्या पिंपळावरचं जे मोठं वटवाघूळ आहे ते दुसऱ्या अनुसूचीत आलं, १ एप्रिल २०२३ पासून लागू. मारणं, पकडणं गुन्हा आहे. सोसायटीच्या ग्रुपवर एवढंच टाका आधी, निम्मे लोक तिथेच थांबतील.

कोलशेतची_आई
मला राग येईल असं बोलू नका कोणी, पण दोन लहान मुलं आहेत घरात आणि निपाहच्या बातम्या वाचून झोप उडते. २०१८ ला केरळात १७ माणसं गेली. आणि महाबळेश्वरच्या गुहेतल्या वटवाघळांत पण सापडलं होतं ना, पुण्याच्या एनआयव्हीनेच, म्हणजे विषाणू संस्थेनेच सांगितलं होतं. मग लोकांनी घाबरू नये असं कसं म्हणायचं? प्राणी वाचले पाहिजेत हे मान्य, पण मुलं आधी.

येऊरच्या_वाटेवर
ताई, राग कशाला, मुलं आधी हे बरोबरच आहे. महाबळेश्वरचं खरंय, २०२१ मध्ये एनआयव्हीने सांगितलं होतं, निपाहविरुद्धच्या अँटीबॉडीज मिळाल्या होत्या. पण वटवाघूळ डोक्यावरून उडालं किंवा समोरच्या झाडावर लटकलं म्हणून निपाह होत नाही. त्यांची लाळ किंवा लघवी लागलेली वस्तू तोंडात गेली, आजारी जनावराशी किंवा आजारी माणसाशी जवळचा संपर्क आला, तर. बांगलादेशात लोक खजुरीचा कच्चा रस पितात, रात्री वटवाघळं त्याच मडक्यांवर येतात, तिथून लागण झालेली आहे. म्हणून मुलांना एवढंच शिकवा, झाडाखाली पडलेलं अर्धवट खाल्लेलं फळ उचलायचं नाही, आंबा जांभूळ काहीही असो धुऊन खायचं, खाली पडलेल्या वटवाघळाला हात लावायचा नाही. चावलं किंवा ओरखडलं तर साबण लावून वाहत्या पाण्याखाली पंधरा मिनिटं धुवायचं आणि लगेच डॉक्टरकडे.

आणि एक महत्त्वाचं. ऑस्ट्रेलियात हेंड्रा नावाचा निपाहचाच जवळचा विषाणू आहे, तिथे बरीच वर्षं अभ्यास करून दिसलं की जंगलं तुटून या प्राण्यांची उपासमार झाली की विषाणू जास्त बाहेर पडतो आणि ती माणसांच्या वस्तीजवळ येतात. म्हणजे हाकलून धोका कमी होईल हे गणितच उलटं आहे. तुमच्याकडून उठवलेली वटवाघळं हवेत विरघळत नाहीत, शेजारच्या दुसऱ्या सोसायटीच्या झाडावर जाऊन बसतात, घाबरलेली आणि भुकेली.

खानापूरकर_कळवा
मी मूळचा बेळगावकडच्या खानापूर तालुक्यातला, आता कळव्याला असतो. ते काका म्हणाले ना ढिगाने आहेत, त्यावरून लिहावंसं वाटलं. आमच्याकडे भीमगडच्या जंगलात तळेवाडीजवळ बारापेडे गुहा आहेत, तिथे एक वटवाघूळ राहतं, मोठे कान पुढे आलेले, इंग्रजीत राउटनचं फ्री-टेल्ड बॅट म्हणतात. १९१२ साली ते तिथे सापडलं आणि त्यानंतर किती तरी वर्षं जगात तेवढी एकच जागा माहीत होती, नंतर मेघालयात आणि कंबोडियात मिळालं. पहिल्या अनुसूचीत आहे, वाघाच्याच यादीत. आता गुहेला अभयारण्याचं कवच आहे, पण त्याच्या आधी ते टिकलं ते गुहा आडवाटेला होती म्हणून, लोक तिथे फिरकत नव्हते.

त्याहून वाईट अवस्था कोलारच्या लीफ-नोज्ड, म्हणजे पानासारख्या नाकाच्या वटवाघळाची. कर्नाटकातल्या कोलार जिल्ह्यात हनुमनहळ्ळी गावाजवळची एक गुहा, बस, त्यात दोनशेच्या आत वटवाघळं, आणि आजूबाजूला ग्रॅनाइटच्या खाणी. बॅट कन्झर्व्हेशन इंडिया ट्रस्टची माणसं तिथे मागे लागली, गावकऱ्यांशी बोलत राहिली, वनखात्यानेही लक्ष घातलं आणि गुहांभोवतीची जमीन संरक्षित झाली. एक सुरुंग चुकीच्या जागी लागला असता तर पूर्ण जात संपली असती. आणि सलीम अलींच्या नावाचं एक फळं खाणारं वटवाघूळ आहे, १९४८ ला तामिळनाडूच्या डोंगरात पकडलेला नमुना मुंबईत बीएनएचएस या निसर्ग अभ्यासणाऱ्या संस्थेच्या संग्रहात दुसऱ्याच जातीच्या नावाने पडून होता, १९७२ मध्ये एका थाई संशोधकाने बघितलं तेव्हा कळलं की ही वेगळीच जात आहे. कोणाला माहीत नाही अशीच संपून गेलेली जात असेल तर आपल्याला कळणार तरी कसं, मला याचं फार वाईट वाटतं.

पण काकांना सांगायचं ते हे नाही, त्यांना मॉरिशस सांगा. तिथली मोठी वटवाघळं पण ढिगानेच होती. लिची-आंबे खातात म्हणून सरकारने २०१५ आणि २०१६ मध्ये हजारोंनी मारली. फळांचं उत्पादन वाढलं तर नाहीच, आणि २०१८ मध्ये ती जात धोक्यात आलेल्यांच्या यादीत गेली. ढिगाने आहेत हे वाक्य तिथेही कोणीतरी मीटिंगमध्ये बोललंच असेल.

पारसिकचा_माळी
मी बागकामाची कामं घेतो, प्रॅक्टिकल सांगतो. छाटणीला पण परवानगी लागते, महाराष्ट्रात १९७५ चा झाडांचा कायदा आहे त्यात झाडाचं कुठलंही नुकसान म्हणजे तोडच धरतात, त्यामुळे महापालिकेच्या वृक्ष प्राधिकरणाकडे आधी लेखी हरकत देऊन ठेवा, त्यात वटवाघळांची पिल्लं आहेत हे फोटोसकट लिहा आणि पोच घ्या. वनखात्याची हेल्पलाइन १९२६, कोणी फटाके लावले तर तिथे लगेच फोन. एखादी फांदी खरंच धोकादायक असेल तर पावसाच्या तोंडावर, पिल्लं उडायला लागल्यावर तेवढीच काढा, सगळं झाड बोडकं करायचं नाही, सावली गेली की उन्हाळ्यात ही पटापट मरतात. तापलं की पंखांनी वारा घेत बसतात बघा दुपारी.

घाणीचं म्हणाल तर झाडाखालच्या पार्किंगला शेड टाकायची किंवा तेवढ्या जागा मोकळ्या सोडून तिथे झाडं लावायची, ते खत फार जबरदस्त असतं, फक्त साफ करताना आधी पाणी मारा आणि तोंडाला मास्क, सुकं झाडू नका. आणि वड-पिंपळ-उंबर गच्चीच्या भेगेत उगवतात ते कोण आणून टाकतं? पक्षी तर आहेतच आणि ही पण. येऊरच्या जंगलात बी जातं ते यांच्याच पोटातून. खाडीतल्या पांढऱ्या चिप्पीचं फूल रात्री उमलतं, त्याला परागीकरणासाठी वटवाघळं आणि पतंग किडेच लागतात, आपल्या राज्याचं कांदळवनाचं झाड आहे ते. फ्लेमिंगो बघायला लोक ऐरोलीला रांगा लावतात, त्याच खाडीचं रात्रपाळीचं काम ही करतात.

कोलशेतची_आई
धन्यवाद, हे पडलेल्या फळांचं आणि हात न लावायचं मी आमच्या बिल्डिंगच्या ग्रुपवर पण टाकते. एक शंका, पिल्लू खाली पडलेलं दिसलं तर मुलं उचलणारच, मग काय करायचं?

येऊरच्या_वाटेवर
मुलांनी मोठ्या माणसाला बोलवायचं. मोठ्यांनी जाड टॉवेलने अलगद उचलून पुठ्ठ्याच्या खोक्यात ठेवायचं, दूध पाजायचं नाही, आणि १९२६ ला फोन. आई जवळपास असली तर संध्याकाळी येऊन नेते कधीकधी, म्हणून खोकं उघडं आणि उंचावर, मांजरापासून लांब. पतंगाच्या मांज्यात अडकलेलं दिसलं तर स्वतः ओढू नका, पंखाचं कातडं फाटतं.

वर्तकनगरकर
सगळ्यांचे मनापासून आभार. काल सेक्रेटरींना कायद्याचं आणि मॉरिशसचं दोन्ही दाखवलं, फटाके बंद झालेत, छाटणी पावसाळ्यापर्यंत पुढे ढकललीय पण रद्द नाही झालेली, म्हणून हरकतीचा अर्ज सोमवारी देतोय. काका अजून नाराज आहेत, त्यांची गाडी बरोबर खाली लागते, त्यामुळे शेड लवकर झाली पाहिजे. माळीदादा, चार गाड्यांच्या शेडला साधारण खर्च किती येईल आणि पिंपळाच्या मुळांना धक्का न लावता खांब कुठे रोवता येतील, एकदा येऊन बघाल का? रविवारी सकाळी मी घरीच आहे.