चित्राचा हक्क नेमका कुणाचा?

'ज्यानं चित्र काढलं, हक्क त्याचाच' हे मत मनाला पटतं, पण १९५७चा आपला कॉपीराइट कायदा तसं म्हणत नाही. कलम १७नुसार पैसे देऊन कुणी व्यक्तिचित्र काढून घेतलं आणि वेगळा करार नसला, तर कॉपीराइटचा, म्हणजे चित्राच्या प्रती काढण्याच्या हक्काचा, पहिला मालक पैसे देणारा. शिल्पाचा मात्र त्या तरतुदीत उल्लेखच नाही! एकाच शेटजींनी तैलचित्र आणि अर्धपुतळा करून घेतला, तर मूर्तिकाराचा हक्क शाबूत, चित्रकाराचा गेला. याला मी अन्यायच म्हणेन.

बडोद्यात हा प्रश्न पुस्तकी नाही. १९५०पासून इथे फाइन आर्ट्सची फॅकल्टी आहे, आणि शिकून बाहेर पडलेल्या कित्येकांचं घर सुरुवातीला अशा ऑर्डरींवरच चालतं. त्यातच कलम ५३अ बघा. मूळ चित्र दहा हजारांवर पुन्हा विकलं गेलं तर चित्रकाराला वाटा मिळतो, पण तो पहिला मालक असेल तरच. म्हणजे ऑर्डरवर चित्र काढणाऱ्याला तोही नाही. म्हणून मुलांनो, ऑर्डर घेतानाच 'कॉपीराइट चित्रकाराकडे' एवढी ओळ लिहून सही घ्या. लाजू नका.

कलम ५७ मात्र विकूनही उरतं: आपलं नाव लावण्याचा आणि कामाची विटंबना रोखण्याचा हक्क. शिल्पकार अमरनाथ सहगल यांचं दिल्लीच्या विज्ञान भवनातलं म्युरल (भित्तिशिल्प) १९७९मध्ये काढून टाकलं गेलं. दिल्ली उच्च न्यायालयानं २००५मध्ये त्याचे अवशेष परत करायला लावले, वर पाच लाखांची भरपाईही दिली. निकाल लागेपर्यंत सव्वीस वर्षं उलटली होती.