अनुभव धागा : ब्राउझर बदलताना बुकमार्क्स कसे नेलेत?

मंडळी, १४ ऑक्टोबर २०२५ला विंडोज १०चा सपोर्ट संपला आणि तेव्हापासून आमच्या ओळखीतल्या बऱ्याच घरांत संगणक बदलले जातायत. कुणी नवा लॅपटॉप घेतला, कुणी जुन्यावरच लिनक्स टाकलं, आणि त्या ओघात ब्राउझरही बदलला. फोटो आणि कागदपत्रं सगळे आठवणीने नेतात. बुकमार्क्स, म्हणजे ब्राउझरमध्ये साठवलेले पानांचे पत्ते, आठवतात ते जुनं मशीन देऊन टाकल्यावर.

मी भाषांतराचं काम करते. परिभाषाकोश, शासन निर्णय, जुन्या गॅझेटियरची पानं असं बरंच काही वर्षानुवर्षं जमवून फोल्डरांत लावून ठेवलंय. यातली निम्मी पानं कुठून कशी सापडली होती ते आज सांगता येणार नाही, त्यामुळे ती गेली तर गेलीच. म्हणून हा धागा काढतेय. कुठल्या ब्राउझरमधून कुठे गेलात, काय नीट गेलं, काय अडलं, सगळं सविस्तर लिहा. 'सिंक (खात्यामार्फत सगळ्या मशीनवर तेच बुकमार्क्स ठेवणं) चालू करा, झालं' एवढंच नको.

सुरुवात माझ्यापासून. मी क्रोममधून फायरफॉक्सला गेले. क्रोममध्ये कंट्रोल-शिफ्ट-ओ दाबलं की बुकमार्क मॅनेजर उघडतो, वर उजवीकडे तीन टिंबं आहेत, त्यात 'एक्स्पोर्ट बुकमार्क्स'. हातात एक एचटीएमएल फाइल येते. फायरफॉक्समध्येही हीच बटणं दाबायची. लायब्ररी उघडते, तिथल्या 'इम्पोर्ट अँड बॅकअप'मधून ती फाइल द्यायची. दोन्ही ब्राउझर एकाच मशीनवर असतील तर फायरफॉक्स क्रोममधून थेटही ओढून घेतो, पण मला फाइलचाच रस्ता पटतो. ती पेनड्राइव्हवर ठेवता येते, स्वतःला मेल करता येते, आणि उद्या तिसराच ब्राउझर घेतला तरी तीच चालते. फोल्डर, उपफोल्डर, क्रम सगळं जसंच्या तसं आलं.

आता तुम्ही लिहा.

हिंजवडी, सॉफ्टवेअरमध्ये नोकरी

ताई, चांगला विषय घेतलात. ती एचटीएमएल फाइल एकदा नोटपॅडमध्ये उघडून बघाच. पहिल्या ओळीत 'नेटस्केप बुकमार्क फाइल १' असं लिहिलेलं असतं. नेटस्केप १९९४चा ब्राउझर, २००८च्या मार्चमध्ये त्याचा सपोर्टही बंद झाला. पण त्याने ठरवलेली ही मांडणी क्रोम, फायरफॉक्स, सफारी, एज सगळे अजून पाळतात, आणि म्हणूनच एकाची फाइल दुसऱ्याला वाचता येते. कुठल्या एका कंपनीच्या हातात नसलेली इतकी साधी गोष्ट एवढी वर्षं टिकली याचं मला मनापासून कौतुक वाटतं.

आत प्रत्येक लिंकपाशी 'ॲड डेट' म्हणून एक लांबलचक आकडा दिसेल. तो म्हणजे १ जानेवारी १९७० पासून मोजलेले सेकंद. १३५६९९८४०० असेल तर ती लिंक २०१३ सालच्या पहिल्या दिवशी साठवलेली. म्हणजे नुसता पत्ता नाही, कधी साठवलं तेही बरोबर जातं.

काय जात नाही ते सांगतो. फायरफॉक्समध्ये बुकमार्कला टॅग आणि कीवर्ड लावता येतात. क्रोममध्ये ही सोयच नाही, त्यामुळे तिकडे गेलात की टॅग गळतात. टॅगवर सगळी व्यवस्था बसवली असेल तर आधी फोल्डर करून घ्या. पासवर्ड या फाइलमध्ये नसतात. ते सीएसव्ही नावाच्या वेगळ्या साध्या मजकूर-फाइलमध्ये निघतात आणि त्या फाइलला कुलूप नसतं, कुणीही उघडून वाचू शकतं. काम झाल्याबरोबर ती पुसून टाका.

फायरफॉक्समधून फायरफॉक्समध्येच जाणाऱ्यांसाठी महत्त्वाचं : तिथे जेसन फाइलचा (फायरफॉक्सच्या स्वतःच्या बॅकअपचा) 'रिस्टोअर' आणि एचटीएमएलचा 'इम्पोर्ट' या वेगळ्या गोष्टी आहेत. इम्पोर्ट केलं की असलेल्यात भर पडते. रिस्टोअर केलं की असलेलं सगळं जाऊन त्या जागी जुनं येतं. नव्या मशीनवर आठवडाभर काम करून मग रिस्टोअर केलंत तर तो आठवडा गेला.

नोकरी बदलणाऱ्यांनी ऑफिसच्या मशीनवरून फाइल काढण्याआधी कंपनीचे नियम वाचावेत. त्या फाइलमध्ये आतल्या सर्व्हरचे पत्तेही असतात. मी स्वतःच्या लिंकांचा वेगळा फोल्डर पहिल्या दिवसापासून ठेवतो आणि त्या नवीन ठिकाणी हाताने भरतो.

सदाशिव पेठ, इतिहासाचा अभ्यासक

माझा संग्रह सगळा मोडी कागदपत्रं, बखरी, जुनी मासिकं यांच्या स्कॅनचा. भारत इतिहास संशोधक मंडळात बसून कागद बघायचे आणि घरी येऊन त्याच्याशी जुळणारं छापील साहित्य इंटरनेट अर्काइव्ह या मोफत ऑनलाइन ग्रंथसंग्रहात शोधायचं, असा माझा क्रम आहे. तिथे एकाच मराठी ग्रंथाचं नाव रोमन लिपीत चार जणांनी चार प्रकारे लिहिलेलं असतं, त्यामुळे शोधून हमखास सापडेल याची खात्री नाही. सापडलं की बुकमार्क करायचं आणि नाव देवनागरीत नीट लिहायचं : ग्रंथ, संपादक, सन, हवं ते पान. ही नावं म्हणजेच माझी सूची आहे.

मशीन बदलताना दुरुस्तीवाल्याने फाइल काढून दिली. नव्या ब्राउझरमध्ये घेतली तर सगळे पत्ते बरोबर आणि प्रत्येक देवनागरी नावाच्या जागी नुसती प्रश्नचिन्हं. '????? ????? ????' अशा ओळीच्या ओळी. पत्ते शाबूत असून उपयोग शून्य, कारण अर्काइव्हच्या पत्त्यावरून ग्रंथ कोणता ते कळत नाही.

कारण असं निघालं. मूळ फाइल युनिकोडमध्येच, म्हणजे सगळ्या लिप्या सामावणाऱ्या पद्धतीत होती. त्याने ती जुन्या विंडोजच्या नोटपॅडमध्ये उघडून, काही नको असलेल्या लिंका काढून उरलेलं नव्या फाइलमध्ये चिकटवून सेव्ह केलं. तो जुना नोटपॅड नवी फाइल आपणहून 'एएनएसआय' पद्धतीने सेव्ह करायचा. त्या पद्धतीत देवनागरीला जागाच नाही, म्हणून जे अक्षर बसलं नाही तिथे प्रश्नचिन्ह पडलं. सेव्ह करताना एक इशारा येतो, तो इंग्रजीत असतो, लोक 'ओके' म्हणून पुढे जातात. २०१९ नंतरच्या विंडोज १०मध्ये नोटपॅड यूटीएफ-८ ही युनिकोडचीच पद्धत वापरतो, तिथे हा धोका नाही.

प्रश्नचिन्हांतून अक्षरं परत मिळत नाहीत, हे सर्वांनी ध्यानात घ्यावं. ती माहिती त्या फाइलमधून गेलेलीच असते. माझी जुनी डिस्क अजून पुसलेली नव्हती, म्हणून पुन्हा एक्स्पोर्ट केलं आणि हात न लावता ती फाइल जशीच्या तशी नव्यात दिली. एकही अक्षर हललं नाही. साफसफाई करायचीच असेल तर ती ब्राउझरच्या आत करावी, फाइलमध्ये नको.

तरुण अभ्यासकांना आणखी एक विनंती. बुकमार्कचं नाव ब्राउझर सुचवेल तेच ठेवू नका आणि पत्त्यावरही विसंबू नका. मराठी विकिपीडियावरचं 'पुणे' हे पान घ्या. त्या शब्दात प, उकार, ण आणि मात्रा अशी चार चिन्हं आहेत. पत्त्यात ती टक्क्याच्या खुणांसकट छत्तीस अक्षरं होतात. असा पत्ता पाहून कोणतं पान ते कुणालाही ओळखता येणार नाही. नाव स्वतः लिहा, मराठीत लिहा.

कोथरूड, करसल्लागार

बुकमार्क्स नेणं दहा मिनिटांचं काम आहे. नेल्यावर ते तपासणं हे खरं काम, आणि ते कुणी करत नाही.

आयकर विभागाचं विवरणपत्र भरायचं संकेतस्थळ ७ जून २०२१ला बदललं. अजून अशिलांच्या ब्राउझरमध्ये जुना पत्ता दिसतो आणि 'साइट चालत नाही' म्हणून फोन येतो. रिझर्व्ह बँकेने बँकांना ३१ ऑक्टोबर २०२५ पर्यंत 'डॉट बँक डॉट इन' या पत्त्यावर जायला सांगितलं होतं. त्याआधी साठवलेला नेटबँकिंगचा बुकमार्क आज बहुधा नव्या पत्त्याकडे वळवला जात असेल, पण तो बदलून घ्या. बँकेचं नाव शोधून वरच्या पहिल्या लिंकवर टिचकी मारायची सवय मला फार घातक वाटते. तिथे बनावट पानं जाहिरात म्हणून वर आलेली असू शकतात. एकदा खात्री करून साठवलेला पत्ता हे त्यावरचं सर्वांत सोपं संरक्षण आहे, माझ्या प्रत्येक ज्येष्ठ अशिलाला मी ते स्वतः करून देतो.

लॉगिन झाल्यानंतरचं आतलं पान साठवू नये. त्या पत्त्यात बरेचदा त्या वेळेपुरता क्रमांक असतो. पुढच्या वेळी 'सेशन एक्स्पायर्ड' येतं. पहिलं पान साठवा.

सहकारनगर, निवृत्त शिक्षिका

मुलगा बाहेरदेशी असतो, त्याने व्हिडिओ कॉलवर सांगत माझ्याकडून सगळं करून घेतलं. एजमधून क्रोममध्ये. माझे फोल्डर साधेच : वीजबिल, दवाखाना, रेल्वे, कीर्तनं, आणि नातीच्या शाळेचं एक. सगळं झालं म्हणाला, फोन ठेवला, आणि मी बघते तर वरच्या पट्टीवर काहीच नाही! शेजारच्या मुलीने येऊन कंट्रोल-शिफ्ट-बी दाबलं, लगेच पट्टी दिसायला लागली. बुकमार्क्स होते, पट्टीच लपलेली होती. पण माझे फोल्डर अजून सुटे दिसत नाहीत, सगळे 'इम्पोर्टेड' नावाच्या एकाच फोल्डरमध्ये आहेत. हे असंच राहणार का? कुणी सांगेल का?

हिंजवडी

काकू, क्रोममध्ये आधीपासून एखादा जरी बुकमार्क असला तरी तो बाहेरून आलेलं सगळं 'इम्पोर्टेड'मध्ये टाकतो. क्रोम अगदी कोरा असेल तरच थेट पट्टीवर येतात. कंट्रोल-शिफ्ट-ओ दाबून मॅनेजर उघडा, 'इम्पोर्टेड'वर क्लिक करा, कंट्रोल-ए करून सगळे निवडा आणि डावीकडे 'बुकमार्क्स बार' लिहिलंय तिथे ओढून सोडा. मग रिकामा फोल्डर काढून टाका. पुन्हा इम्पोर्ट मात्र करू नका, प्रत्येक गोष्ट दोनदा दिसेल.

कर्वेनगर, विद्यार्थिनी

माझ्याकडे कॉलेजला येईपर्यंत लॅपटॉप नव्हता, सगळं फोनवर. अँड्रॉइडच्या क्रोममध्ये एक्स्पोर्टचं बटण नाही. फोनवर गूगल खात्यात सिंक चालू करायचं, त्याच खात्याने संगणकावरच्या क्रोममध्ये जायचं, आणि तिथून फाइल काढायची. मैत्रिणीच्या मशीनवर करत असाल तर वेगळं प्रोफाइल (ब्राउझरमधला आपला स्वतंत्र कप्पा) उघडा आणि काम झालं की ते काढून टाका, नाहीतर तिचे आणि तुमचे एकत्र होतात. आयफोनवाल्यांना आयओएस १८.२ पासून सेटिंग्जमध्ये सफारीखाली एक्स्पोर्ट मिळतं, रूममेटने तसंच केलं.

बिबवेवाडी, छोटा व्यवसाय

आमचं मशीन सुरूच होईना, तेव्हा एक्स्पोर्ट करणार कुठून? पण डिस्क जिवंत होती. बुधवार पेठेत तपकीर गल्लीतून यूएसबीची केसिंग आणली, डिस्क त्यात घालून भाच्याच्या लॅपटॉपला लावली. क्रोमच्या प्रोफाइल फोल्डरमध्ये 'बुकमार्क्स' नावाची फाइल असते, पुढे एक्स्टेन्शन काही नाही, आणि शेजारीच तिची 'डॉट बॅक' प्रत. फायरफॉक्सवाल्यांना प्रोफाइलमध्ये 'बुकमार्कबॅकअप्स' नावाचा फोल्डरच मिळेल, त्यात तारीखवार प्रती असतात.

नव्या मशीनवर क्रोम पूर्ण बंद करायचा, सिंक बंद ठेवायचं, आणि ती फाइल नव्या प्रोफाइलमध्ये त्याच नावाने ठेवायची. प्रोफाइल कुठे आहे ते 'क्रोम कोलन स्लॅश स्लॅश व्हर्जन' टाइप केलं की दिसतं. पुरवठादार, जीएसटी, वाहतूकदारांचे ट्रॅकिंग, सगळं परत मिळालं. दुरुस्तीवाल्याने 'डेटा गेला समजा' सांगितलं होतं. डिस्कचा आवाज नीट येत असेल तर एवढ्यावर मान्य करू नका.

औंध

सिंकबद्दल लिहायलाच हवं. सिंक म्हणजे बॅकअप नाही. एका ठिकाणी फोल्डर पुसला की तो फोनवरून, ऑफिसमधून, सगळीकडून पुसला जातो, आणि तेही काही क्षणांत. महिन्याच्या पहिल्या रविवारी मी फाइल काढते आणि नावात तारीख घालते.

पॉकेट ही लेख नंतर वाचायला साठवून ठेवायची सेवा वापरणाऱ्यांनी ८ जुलै २०२५चा अनुभव घेतलाच आहे. ती सेवा बंद झाली, ज्यांनी मुदतीत यादी उतरवून घेतली त्यांच्याकडे ती राहिली.

धागाकर्ती

सगळ्यांचे आभार, विशेषतः प्रश्नचिन्हांचं कारण इतकं नीट उलगडून सांगितल्याबद्दल. माझेही परिभाषाकोश देवनागरी नावांनीच आहेत, त्यामुळे फाइलला हात लावणार नाही. मेलेल्या लिंकांसाठी माझ्याकडून एक भर : पुसण्याआधी तो पत्ता वेबॅक मशीनमध्ये (संकेतस्थळांच्या जुन्या प्रती जपणाऱ्या इंटरनेट अर्काइव्हच्या सेवेत) टाकून बघा. बंद पडलेल्या एका शब्दसूचीची पानं मला तिथे पूर्ण मिळाली, आता बुकमार्क तिथल्या प्रतीचा केलाय.

काकू, फोल्डर पट्टीवर आले का ते कळवा. लिनक्सवर गेलेल्या कुणी अजून लिहिलं नाहीये, उबुंटू या लिनक्सच्या प्रकारात स्नॅप नावाच्या पॅकेजमधून येणाऱ्या फायरफॉक्सचं प्रोफाइल वेगळ्या जागी असतं असं वाचलंय, ते प्रत्यक्ष कुणी केलं असेल तर वाट बघतेय.

सहकारनगर

आले! दवाखाना सगळ्यात पुढे ठेवलाय.