कसब, कारागिरी की नुसतं 'काम'?

गंगापूर रोड, नाशिक: आमच्या वाचनगटात सध्या इंग्रज तत्त्वज्ञ कॉलिंगवुड चालू आहे. कला आणि 'क्राफ्ट' यांच्यात त्याने १९३८ साली जी रेघ मारली, तिथे अडलोय. कारागिराला वस्तू कशी होणार हे आधीच ठाऊक असतं, कलावंताला ते करता करता उमगतं, असं त्याचं म्हणणं. हे ऑपेराला, म्हणजे पाश्चात्त्य संगीतनाटकाला, लावून टिपण लिहायचंय. 'क्राफ्ट'ला काय लिहू? कारागिरी म्हटलं की भांडी बाजारातलं पितळ आठवतं. कसब म्हटलं की नुसतं कौशल्य उरतं.

येवला: कसब इतकं सपाट नाही हो. अरबीत हे दोन वेगळे शब्द. 'कस्ब' म्हणजे कमाई, धंदा. 'क़सब' म्हणजे बोरू आणि पुढे जरतार. मराठीत दोन्ही 'कसब' असेच लिहितात. मात्र जुन्या मराठीत 'कसबीण' म्हणजे वेश्या, त्यामुळे गायिकेला 'कसबी' म्हणताना जरा जपून.

पंचवटी: सरळ 'काम' लिहा! नाटकवाले काय म्हणतात? 'बालगंधर्वांचं काम', 'तिने काम छान केलं'. जरीकाम, नक्षीकाम यांतही तेच. गंमत म्हणजे 'ऑपेरा' या लॅटिन शब्दाचा मूळ अर्थही काम, मेहनत. (हे 'काम' संस्कृत 'कर्म'वरून आलंय, वासनेच्या 'काम'शी त्याचा संबंध नाही. कुणीतरी विचारणारच.)

आणि कॉलिंगवुडची ती रेघ ऑपेरात टिकते का? अठराव्या शतकातल्या इटालियन शैलीत 'दा कापो' प्रकारचं गाणं असायचं. पहिला भाग शेवटी पुन्हा यायचा आणि तेव्हा गायक स्वतःच्या हरकती घालायचा. स्वरलिपी आधीच ठरलेली, हरकत त्या रात्रीची. १८८०च्या 'संगीत शाकुंतल'पासून आपल्याकडेही तेच: पद बांधलेलं, पण वन्समोअर मिळाला की गाणारा तेच पद पुन्हा तसंच्या तसं कशाला म्हणेल?

गंगापूर रोड, नाशिक: 'काम' पटलं. पण 'कामाचं सौंदर्यशास्त्र' असं शीर्षक दिलं तर लोक भलतंच समजतील.

पंचवटी: हाहा, ते खरं! शीर्षकात 'कारागिरी' ठेवा, आत 'काम' वापरा. कारागिरीतलं फारसी 'कार' म्हणजेही कामच. फक्त ऑपेराला 'संगीतिका' करू नका, ती आकाशवाणीवरची वाटते.

येवला: आणि 'तंत्र' तर मुळीच नको, ते तालमीच्या खोलीतच राहू द्या.