नानावटी खटल्यावर लघुपट: कोर्टाचा सेट कसा, गोळीबार दाखवावा का, शेवट कुठं?

फोंड्याचा रंगमंच
नमस्कार मंडळी. नौदल अधिकारी नानावटीनं पत्नीचा प्रियकर आहुजा याला गोळ्या घातल्या, त्या खटल्यावर बेतलेला ३० मिनिटांचा लघुपट करतोय. पात्रांची नावं बदललीत, काळ १९५९, शहर मुंबई. शूटिंग मात्र गोव्यातच: एका शाळेचं सभागृह आणि पणजीतला एक जुना फ्लॅट. तीन ठिकाणी अडलंय. कोर्ट त्या काळातलं कसं वाटेल? बेडरूममधला गोळीबार दाखवायचा का? आणि ज्यूरी (कौल देणारे सामान्य नागरिक) ‘दोषी नाही’ म्हणते तिथंच संपवलं तर? टाळ्यांची जागा तीच आहे.

काळा कोट, मडगाव
शेवटाचं आधी सांगतो, कारण बहुतेक पटकथा तिथंच घसरतात. ज्यूरीचा कौल ८ विरुद्ध १ असा होता खरा, पण सत्र न्यायाधीश रतिलाल मेहतांना तो पटला नाही. १८९८च्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ३०७ खाली त्यांनी प्रकरण उच्च न्यायालयाकडं पाठवलं. तिथं खुनाबद्दल जन्मठेप झाली, सर्वोच्च न्यायालयानं २४ नोव्हेंबर १९६१ ला ती कायम केली, आणि १९६४ मध्ये राज्यपाल विजयालक्ष्मी पंडितांनी माफी दिली. टाळ्यांवर पडदा टाकलात तर प्रेक्षक निर्दोष सुटका समजून घरी जाईल, आणि ते खोटं आहे. टाळ्या चालू असताना कॅमेरा न्यायाधीशाच्या पेनावर न्या. खरा शेवट त्या कागदावर आहे.

दुसरं, वेळ. बचावाचा एक मुद्दा होता अचानक प्रक्षोभाचा, म्हणजे रागाच्या भरात तोल गेल्याचा. आता क्रम बघा: पत्नीनं संबंध कबूल केले, नानावटीनं तिला आणि मुलांना सिनेमाला सोडलं, जहाजावर जाऊन खोटं कारण सांगून रिव्हॉल्व्हर आणि सहा काडतुसं घेतली, मग आहुजाचं ऑफिस, मग त्याचा फ्लॅट. दीड वाजता घर सोडलं, गोळ्या सुटल्या ४ वाजून २० मिनिटांनी. सर्वोच्च न्यायालयानं नेमकं यावर बोट ठेवलं: डोकं शांत व्हायला तेवढा वेळ पुरेसा होता. बहुतेक जण हा प्रवास दोन कटमध्ये उरकतात. ३० मिनिटांतली निदान ६ मिनिटं त्याला द्या, संगीत न घालता. ज्यूरीचं काय चुकलं ते प्रेक्षकाला तिथं कळेल.

बारीकसारीक: आपल्या कोर्टात हातोडा नसतो, तो काढून टाका. सत्र न्यायाधीशाला ‘युअर ऑनर’, ‘मिलॉर्ड’ फक्त उच्च आणि सर्वोच्च न्यायालयात. गीतेवर हातही नको. १८७३च्या शपथ कायद्याप्रमाणं हिंदू आणि मुसलमान साक्षीदार प्रतिज्ञेवर सांगायचे. आणि शेवटच्या पाटीवर ‘भारतातला शेवटचा ज्यूरी खटला’ असं लिहू नका. त्यानंतरही काही ठिकाणी ज्यूरीपुढं खटले चालले. फौजदारी खटल्यांतली ज्यूरी कायद्यातून पुरती गेली ती १९७३च्या संहितेनं.

नेपथ्य_म्हापसा
सेटचं मी सांगतो. ज्यूरी नऊ जणांची, म्हणजे दोन रांगा, पुढं ४ आणि मागं ५. मागची रांग ८ इंच उंच करा, नाहीतर क्लोजअपमध्ये मागचे चेहरे पुढच्यांच्या डोक्याआड जातात. न्यायाधीशाचा मंच अडीच ते तीन फूट. त्यामागं भिंतीवर राजाची तसबीर नको, अशोकस्तंभ हवा. आरोपीचा पिंजरा कमरेएवढ्या लाकडी कठड्याचा, लोखंडी गज लावू नका.

पावसाळ्यात साधं प्लायवूड कडेनं फुगतं आणि सांधे उघडे पडतात. मरीन प्लाय घ्या, कापलेल्या कडांना आधी प्रायमर मारा, मग सागवानी पॉलिश. प्रत्येक हात पुरता वाळू द्या, चिकट राहिला तर दिव्यात चकाकतो. लांब दांडीचा पंखा शोभतो, पण दिवे पंख्याच्या वर गेले की पात्यांची सावली चेहऱ्यावर फडफडते. दिवे पंख्याच्या पातळीखाली ठेवा आणि संवादाच्या वेळी पंखा बंद.

फ्लॅटमध्ये जपायचं ते आपल्या गोंयकारपणापासून! शिंपल्यांच्या खिडक्या, आझुलेजुच्या (रंगीत नक्षीच्या पोर्तुगीज) फरशा, बाल्कांव (दारापुढचा बसायचा ओटा), यातलं एक जरी फ्रेममध्ये आलं तरी मुंबईतलं मलबार हिल राहत नाही. १९५९ मध्ये इथं गोव्यात पोर्तुगीज राज्य होतं, रस्त्यावरच्या पाट्याही पोर्तुगीज. म्हणून बाहेरचं शूटिंग टाळाच. खिडकीला जाड पडदा लावा आणि मुंबई आवाजानं उभी करा. हातात नाणं दिसणार असेल तर ‘नये पैसे’ लिहिलेलं हवं, ती १९५७ पासूनची.

पटकथा_डिचोली
गोळीबार दाखवू नका, दार बंदच ठेवा. अख्खा खटला त्या बंद दारामागं काय झालं यावरच उभा आहे. बचावपक्ष म्हणतो झटापटीत गोळ्या सुटल्या, सरकारी वकील म्हणतात थेट झाडल्या. तुम्ही एक बाजू चित्रित केलीत की कोर्टातल्या जबान्यांना काही काम उरत नाही.

त्याऐवजी टॉवेल धरा. आहुजा आंघोळीहून आला होता, कमरेला टॉवेल, आणि मृतदेहावरही तो जागच्या जागी होता. झटापट झाली असती तर सुटला नसता का, हा सरकारपक्षाचा सवाल. तालमीत नटाला खराखुरा टॉवेल साध्या खोच्यानं गुंडाळू द्या, वेल्क्रो किंवा पिन लावू नका, आणि दोघांना रिव्हॉल्व्हरसाठी झोंबू द्या. किती वेळ टिकतो ते मोजा. उलटतपासणीच्या दृश्यात नटाचा चेहरा आपोआप बदलेल. पडद्यावर मात्र इतकंच: बंद दार, आतून तीन आवाज, पुढच्या दृश्यात कोर्टाच्या टेबलावर घडी घातलेला टॉवेल.

फोंड्याचा रंगमंच
देव बरें करूं! हातोडा आणि गीता दोन्ही काढतो, दारही बंद. एकच राहिलं: नकली रिव्हॉल्व्हरसाठी कुणाला कळवावं लागतं?

काळा कोट, मडगाव
शूटिंगच्या परवानगीसाठी एंटरटेनमेंट सोसायटी ऑफ गोवाकडं अर्ज करा आणि त्यातच नकली हत्याराचा उल्लेख ठेवा. त्याशिवाय पणजी पोलीस स्टेशनला तारीख, वेळ आणि फ्लॅटचा पत्ता लेखी देऊन पोच घ्या. शेजाऱ्यांना आदल्या दिवशी सांगा, कारण तीन आवाज त्यांनाही ऐकू जाणार.